म्हशीमार्फत

तमाम रसिकजनांस अत्यंत गांभीर्यानं कळवण्यात येत आहे की, सिनेमाच्या इतिहासात बुलढाणा जिल्ह्याचं नाव ज्या एका प्रसंगामुळे लागायला हवं होतं आणि लागलं नाही, त्या प्रसंगाचं अधिकृत निवेदन आज पहिल्यांदाच होत आहे. त्या फिल्ममध्ये आईची भूमिका मी केली. म्हशीची भूमिका म्हशीनं केली. म्हैस हयात आहे, तब्येतीनं उत्तम आहे, पण ती मुलाखत देत नाही. म्हणून सगळा भार माझ्यावर आला आहे. कृपया मोबाइल बंद ठेवावेत आणि मधेच उठून पाणी प्यायला जाऊ नये.

आता मी आई कसा झालो ते सांगतो.

खामगावात साड्यांच्या एका दुकानात मी गादीवर बसतो. आमच्या धंद्यात माणसाला लाज ठेवून चालत नाही. गिऱ्हाईक बाई म्हणते, "पदर कसा दिसते ते दाखवा ना," की उभं राहायचं, साडी स्वतःच्या कमरेला खोचायची, निऱ्या घालायच्या, पदर खांद्यावर टाकायचा आणि मिशीवरून हात फिरवत म्हणायचं, "पाहा, तुमच्या रंगाले किती खुलते." पंचवीसेक वर्षं हे करतोय. तालुक्यातल्या कितीतरी नवऱ्या मुलींचे शालू त्यांच्या आधी मी नेसलोय. शिवाय तरुणपणी गणपतीतल्या नाटकांत बायकांच्या भूमिका करायचो. तेव्हा मला कंबर होती. आता जी आहे तिला कंबर म्हणणं हा माझा मोठेपणा आहे.

माझी ताई पिंपळगाव राजाजवळच्या एका खेड्यात राहते. माझ्याहून मोठी, तुरीच्या वाळक्या तुऱ्हाटीसारखी बारीक, आणि जिभेनं तुऱ्हाटीपेक्षा लवकर पेट घेणारी. भाऊजी जाऊन बरीच वर्षं झाली. घरात ती, तिचा एकुलता एक मुलगा आणि एक म्हैस. भाचा पुण्याला शिकायला गेला आणि कॅमेरा घेऊन परत आला. इथपर्यंत सगळं ठीक होतं. मग ताई त्याला उंद्रीकडे मुलगी पाहायला घेऊन गेली.

मीही सोबत होतो, त्यामुळे ही ऐकीव गोष्ट नाही. मुलीचे वडील खिडकीपाशी बसले होते. पोहे आले. भाचा म्हणाला, "काका, जरा तिकडे सरकता का? उजेड अडून राह्यला." काका सरकले. मग त्यानं मुलीच्या मामांना उभं केलं. मग आजीबाईंना सांगितलं, "आजी, तुम्ही पाणी घेऊन पुन्हा एकदा या, पण आता हळू या." आजीबाई आनंदानं चार वेळा आल्या. सगळं घर त्यानं लाकडी सामानासारखं इकडून तिकडे हलवलं, निळ्या भिंतीपुढे एकेकाचे फोटो काढले, आणि मुलगी बाहेर आली तेव्हा म्हणाला, "उजेड गेला." मुलीचे वडील आम्हाला निरोप द्यायला दारापर्यंत आले आणि ताईला एवढंच म्हणाले, "पोरगा चांगला हाये, बाई. पण त्याले पोरगी पाहाची होती का भित?"

परतताना जीपमध्ये ताईनं जाहीर केलं, "आजपासून तुह्यं माह्यं बोलणं बंद. माफी मांगशीन तवा पाहू."

"माफी कायची मांगू?" भाचा म्हणाला. "उजेड खरंच अडत होता."

झालं. अबोला सुरू.

आता आमच्याकडे अबोल्याची एक रीत आहे. अबोला म्हणजे गप्प बसणं नव्हे. अबोल्यात माणूस उलट जास्तच बोलतो, फक्त तिसऱ्याला उद्देशून. सासू सुनेशी बोलत नसली की नातवाला म्हणते, "तुह्या मायले सांग, भाजीत मीठ नाही." सून तिथंच उभी असते. त्यासाठी घरात तिसरं माणूस लागतं. ताईच्या घरात तिसरं माणूस नव्हतं. होती ती म्हैस.

सकाळी ताई चुलीपासून ओरडायची, "म्हशी, त्याले म्हण, च्या झाला!"

भाचा न्हाणीतून ओरडायचा, "म्हशी, तिले म्हण, साखर कमी टाक!"

"त्याले म्हण, आपल्या हातानं टाकून घे! नवाब हाये मोठा!"

गोठ्यात म्हैस रवंथ करत दोन्हीकडे कान हलवायची. घरातली सगळ्यात समजूतदार व्यक्ती तीच होती. वरून आपलं मत कधी मधे घालत नसे.

हिवाळा आला, तुरी झोडायला आल्या, तरी अबोला उतरला नाही. अशात एके दिवशी भाचा दुकानात आला. सोबत पुण्याचा एक मित्र. गळ्यात मफलर, पायात पांढरे बूट. ते बूट पाहून मला त्याची आधीच काळजी वाटली.

"मामा, फिल्म करून राह्यलो," भाचा म्हणाला. "छोटी. एक माय अन् तिचा पोरगा. एका घरात राह्यतात, पण बोलत नाहीत."

"अरे वा," मी म्हटलं. "ही कल्पना तुले कशी सुचली बाप्पा?"

त्यानं माझ्याकडे दुर्लक्ष केलं. "अंडरग्राउंड फिल्म हाये."

"म्हणजे?"

मित्रानं समजावलं. "म्हणजे काका, सेन्सॉर नाही, थिएटर नाही, कुणाची परवानगी नाही. गुपचूप करायची आणि मोजक्या लोकांना दाखवायची."

"मोजक्या म्हणजे मायले नाही," भाचा घाईनं म्हणाला. "तिले खबर लागली तर म्हैसबी माह्याशी बोलणार नाही."

मग त्यानं खरी गोष्ट सांगितली. हैदराबादला त्याला फिल्मचे तुकडे जोडायचं, एडिटिंगचं काम मिळालं होतं. संक्रांत झाली की निघायचं होतं. आणि तो गादीच्या कडेला बसून एका काठपदराशी खेळत म्हणाला, "मामा, ती बोलल्याशिवाय कसा जाऊ? जाताना पाया पडीन तर ती म्हशीले म्हणन, 'त्याले म्हण सुखी राह्य.' म्हशीमार्फत आशीर्वाद चालते का?"

मी विचारलं, "मग तूच बोल ना पयले."

"मी काऊन? उजेड अडत होता."

आई आणि मुलगा एकाच मातीचे होते, आणि ती माती काळी, चिकट, आमच्याकडची होती. गावातली एकही बाई ताईच्या धाकानं ही भूमिका करायला तयार नव्हती. शेवटी दोघंही माझ्याकडे पाहू लागले. मी नकार देणार होतो. पण "मामा, तुमच्यासारखा नट जिल्ह्यात नाही" हे वाक्य भाच्यानं उच्चारलं, आणि मला जाणवलं की पोरगं खोटं बोलत नाही.

ताई दर गुरुवारी शेगावला गजानन महाराजांच्या दर्शनाला जाते. सकाळी जाते, दिवे लागायच्या आत येते. त्या गुरुवारी ती एसटीत बसली आणि आम्ही मागच्या गल्लीनं तिच्या घरात शिरलो. तिच्या सख्ख्या भावाला तिच्या घरात असं चोरासारखं शिरावं लागलं, यावरून कलेसाठी काय काय सोसावं लागतं ते ध्यानात यावं.

पहिला वाद मिशीवरून झाला.

"मामा, मायले मिशी नाही."

"मी पदर तोंडावर घेतो."

"क्लोज-अप हाये, मामा."

मी त्याच्या वस्तऱ्यानं ती काढली. आरशात एक अनोळखी, सुजलेला गृहस्थ दिसला. मग साडी. दांडीवर ताईची जांभळी साडी होती, धार काढायला बसताना ती रोज हीच नेसते. पोलकं माझ्या कोपराच्या पुढे सरकायला तयार नव्हतं, म्हणून बनियनवरूनच दोन्ही खांदे झाकून पदर घेतला. नेसायला मला फारसा वेळ लागला नाही. मित्र म्हणाला, "काका, काय निऱ्या आहेत!" पुण्याच्या माणसाकडून कौतुक ऐकलं की आमचा ऊर उगीचच भरून येतो.

प्रसंग असा होता: आई म्हशीची धार काढतेय. मुलगा बॅग घेऊन मागे उभा. तो म्हणतो, "म्हशी, तिले म्हण, मी चाललो." आई म्हणते, "म्हशी, त्याले म्हण, जा." मुलगा जातो. आई मागं वळून पाहत नाही. तिच्या चेहऱ्यावर दुःख. संपलं.

धार फक्त काढल्यासारखं करायचं होतं. रिकामी चरवी, नुसता अभिनय.

मित्रानं कॅमेरा लावला आणि म्हशीसमोर वाकून विनंती केली, "अहो, जरा मान इकडे कराल का?"

"तिले 'अहो' म्हणू नको," भाचा म्हणाला. "ती लाजते."

मी म्हशीशेजारी उकिडवा बसलो. आणि ताईच्या आवाजात, जरा नाकातून, म्हटलं, "हो गं माय, हो, उभी राह्य."

म्हशीनं मान वळवली. जांभळी साडी पाहिली, हुंगली. आणि एक मोठा सुस्कारा सोडून ती चक्क पान्हवली.

शहरात वाढलेल्यांसाठी सांगतो. आमच्याकडच्या म्हशी माणूस ओळखत नाहीत, लुगडं ओळखतात. घरातली बाई माहेरी गेली की भले मिशाळ शेतकरी बायकोचं लुगडं गुंडाळून धारेला बसतात, नाहीतर म्हैस लाथ घालते. हे मला माहीत होतं. तरी अभिनयाच्या भरात मी सडाला हात लावला आणि चरवीत चर्र करून धार पडली. पुढच्या वाक्याला मी तोंड उघडलं ते उघडंच राहिलं. भाचा मागून म्हणत होता, "मी चाललो," आणि मी म्हशीकडे पाहत थरथरत्या आवाजात म्हणालो, "त्याले म्हण... जा." तो गेला. मी धार काढतच राहिलो, कारण पान्हवलेल्या म्हशीला अर्ध्यावर सोडायचं पाप मी केलं नसतं. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. शेपटी लागली होती.

"अप्रतिम!" मित्र ओरडला. त्याच्या पांढऱ्या बुटांचा रंग एव्हाना सांगण्यासारखा राहिला नव्हता. "काका, काय तो चेहरा!"

त्या फिल्ममध्ये माझ्या चेहऱ्यावर जे मातृहृदयाचं दुःख दिसतं, ते काठोकाठ भरलेल्या चरवीचं आहे. आता या दुधाचं काय करायचं, हा प्रश्न आईच्या वेदनेसारखाच दिसतो, हे मला त्या दिवशी कळलं.

आम्ही ते प्यालो. पिऊन पिऊन किती पिणार? चहा केला, पुन्हा चहा केला. मित्राला आग्रह करकरून पाजलं. उरलेलं मांजरीला दिलं. ती प्याली, आणि मग पोट घेऊन भिंतीला टेकून बसली.

दिवे लागायच्या आत ताई आली. मित्र कॅमेरा घेऊन आधीच सटकला होता आणि मी पँट-शर्टात ओट्यावर बसलो होतो, जणू सहज चक्कर मारायला आलोय. तिनं प्रसादाची पिशवी पुढे केली, माझ्याकडे पाहिलं, आणि पिशवी तिच्या हातातून पडली.

"अरे देवा! कोन गेलं?"

मिशी! मिशी उतरवलेला माणूस आमच्याकडे कुणाला तरी पोचवून आलेला असतो. आणि आमचे आईबाप तर कधीच गेले होते.

"कोनी नाही," मी म्हटलं. "उकडत होतं."

पौष महिना होता. मी स्वेटर घातला होता.

ती मला आपादमस्तक न्याहाळत गोठ्यात गेली. थोड्या वेळानं आतून आवाज आला, "म्हशी! अवं काय झालं तुले? थेंब नाही!" मग लगेच मोठ्यानं, "म्हशी, त्याले म्हण, डॉक्टरले फोन लाव!"

"म्हशी, तिले म्हण, सकाळपर्यंत वाट पाह्य!"

"त्याले म्हण, तुह्यं काय जाते!"

ताईनं मीठ-मिरच्या घेऊन म्हशीची दृष्ट काढली. मग, लुगडं बदललं म्हणून आटली असन, असं म्हणत धारेची जांभळी साडी घ्यायला दांडीपाशी गेली. आणि तिथं थांबली.

ताई साडी दांडीवर नुसती टाकते. आणि मी? पंचवीस वर्षांच्या सवयीनं मी त्या साडीची दुकानाची घडी घालून ठेवली होती. काठाला काठ, पदर वर, टोक आत. फक्त चिठ्ठी लावायची बाकी होती.

ताईनं घडी उचलली. घडीकडे पाहिलं. माझ्या ओठाकडे पाहिलं. गोठ्याकडे पाहिलं. मग साडीवरून म्हशीचा एक काळा केस चिमटीत उचलला. मी तिथंच बसून पाहत होतो, एखाद्या खटल्यातल्या आरोपीसारखा.

"भाऊ," ती हळूच म्हणाली, "तू माह्यं लुगडं नेसून दूध काढलं."

समोर भाचा उभा होता. त्याचा चेहरा पांढरा पडला होता. मी खरं बोललो असतो तर फिल्म उघडी पडली असती, आणि संक्रांतीआधी ती दोघं बोलण्याची उरलीसुरली आशाही गेली असती. आयुष्यात रंगमंचावर मी बऱ्याच भूमिका केल्या, पण एवढी मोठी भूमिका एका क्षणात स्वीकारायची वेळ कधी आली नव्हती.

"हो," मी म्हटलं. "काढलं."

ती रागावेल असं मला वाटलं होतं. ती मटकन खाली बसली आणि तिनं डोळ्यांना पदर लावला. "अवं माय! माह्या भावावर अशी येळ आली, अन् मले म्हाईत नाही! मिशी काढून, लुगडं नेसून, बहिणीच्या घरी दुधाची चोरी! अरे, मांगाचं होतं ना बे! मी नाही म्हटलं असतं का?"

"तसं नाही ताई..."

"गप बस. म्हशी, त्याले म्हण, मामाले जेवाले वाढ. पोटभर वाढ."

दुसऱ्या दिवसापासून खामगावच्या एसटीनं माझ्यासाठी दुधाची बरणी येऊ लागली. कंडक्टर भला माणूस होता. तो भर दुकानात, गिऱ्हाइकांच्या गर्दीत येऊन ओरडायचा, "तुमच्या बहिणीनं सांगितलं, गुपचूप द्या!" आमचे शेटजी दोन दिवस नुसते पाहत राहिले. तिसऱ्या दिवशी त्यांनी मला कोपऱ्यात घेतलं आणि विचारलं, "घरी सगळं ठीक हाये ना? लपवू नका." माझ्या बायकोनं त्या दुधाचं दही लावलं, दह्याची कढी केली, कढी संपेना म्हणून शेजारी वाटली. शेजारणी म्हणाल्या, "घ्या, तुमालेच लागन." पिंपळगावापासून खामगावापर्यंत माझी अवस्था सर्वतोमुखी झाली होती. मिशी परत यायला वेळ लागणार होता, त्यामुळे चेहराही या कहाणीला शोभून दिसत होता.

मी भाच्याला फोनवर म्हटलं, "मी तुह्यासाठी दूधचोर झालो. आता तुह्यं तू पाह्य."

त्यानं फोनवरच दिवस मोजले. मग म्हणाला, "मामा, संक्रांतीच्या दुसऱ्या दिवशी सकाळी या. दुपारची गाडी हाये माही."

मी गेलो. पुण्याचा मित्रही आला होता, या वेळी रबरी चपला घालून. भाचा गोठ्याच्या दाराशी उभा राहिला, ताई आत शेण भरत होती, आणि तो घसा साफ करून म्हणाला, "म्हशी, तिले म्हण, मामानं दूध चोरलं नाही. काय झालं ते मी फिल्ममधी दाखवतो, म्हशीचंबी काम हाये तिच्यात म्हणा. पयले पाह्य म्हणा. मंग काय मारायचं ते मार म्हणा."

ताईनं हात धुतले. "म्हशी, त्याले म्हण, दाखव."

आतल्या खोलीत भिंतीवर पांढरी चादर लावली, दार-खिडक्या लावून अंधार केला. फक्त गोठ्याकडची खिडकी ताईनं उघडी ठेवायला लावली. "तिलेबी पाहू दे," ती म्हणाली. "तिचंच काम हाये म्हणतात." दाराशी भाच्याची बॅग भरून ठेवली होती. ताईनं तिच्याकडे पाहिलं नाही, पण तिच्यावर पाय पडू नये म्हणून वळसा घालून आली, ते मी पाहिलं.

फिल्म सुरू झाली. आधी चूल. मग न्हाणीचं दार. मग दोन कप चहा, एकमेकांकडे पाठ करून ठेवलेले. ताईचा श्वास ऐकू येत होता. पडद्यावर मुलाचा आवाज आला, "म्हशी, तिले म्हण, साखर कमी टाक," आणि अंधारात ताई चुळबुळली. पुण्याचा मित्र माझा हात घट्ट धरून बसला होता. मी त्याला तो सोडायला सांगितलं नाही.

मग शेवटचा प्रसंग आला. गोठा, जांभळी साडी. मुलगा बॅग घेऊन उभा. "म्हशी, तिले म्हण, मी चाललो." पडद्यावरची आई थरथरत म्हणाली, "त्याले म्हण... जा." कॅमेरा हळूहळू जवळ गेला. माझा चेहरा अख्ख्या चादरीवर पसरला. डोळ्यांत पाणी, तोंड उघडं. खिडकीबाहेर खऱ्या म्हशीनं कान हलवले.

भाचा भिंतीला टेकून उभा होता, डोळे मिटून, मार खायच्या तयारीत. ताईनं पदराचं टोक तोंडाशी नेलं. आता ती रडणार, असं मला वाटलं, आणि खरं सांगतो, नट म्हणून मी सुखावलो. मग कॅमेरा फिरून पाठीमागे गेला. धार काढायला उकिडवी बसलेली, दोन्ही खांद्यांवरून पदर घेतलेली, गोठ्याचं अर्धं दार अडवून बसलेली जांभळी आई मागून पूर्ण दिसली.

ताईचा पदर तोंडापासून खाली आला. तिनं खिडकीकडे पाहिलं नाही. म्हशीकडे पाहिलं नाही. ताडकन उठली, लेकाकडे सरळ वळली, आणि त्याच्या तोंडावर ओरडली:

"अबे बयताडा, इतकी जाडी आहो काय बे मी?"